देव आंटीशी बोलतो, मग माझ्याशी का नाही?

वाचकाचं पत्र, थोडक्यात: पत्र लिहिणाऱ्या भगिनी २९ वर्षांच्या आहेत. कुटुंब कॅथलिक, मूळ वसईकडचं, आता मुंबईच्या पश्चिम उपनगरात. त्या महापालिकेच्या रुग्णालयात स्टाफ नर्स आहेत. आयर्लंडमधल्या एका रुग्णालयाची ऑफर हातात आहे आणि महिनाअखेरपर्यंत उत्तर कळवायचं आहे. वडिलांचं आठवड्यातून तीनदा डायलिसिस चालतं. धाकटा भाऊ बायको-मुलासह नालासोपाऱ्याला राहतो. आई दर शुक्रवारी ज्या प्रार्थना सभेला जाते, ती चालवणाऱ्या आंटींनी सगळ्यांसमोर आईच्या डोक्यावर हात ठेवून सांगितलं, “प्रभूने मला दाखवलं, मुलीने जाऊ नये. गेली तर घरावर संकट येईल.” आईने हा निरोप तारीख घालून वहीत लिहून ठेवला आहे. या भगिनी स्वतःही रोज प्रार्थना करतात, पण त्यांना काहीच ऐकू येत नाही. डोळे मिटून बायबल उघडलं तर एक दिवस निघालं, “तू आपला देश आणि बापाचं घर सोड” आणि दुसऱ्या दिवशी, “आपल्या आईबापाचा मान राख.” लहानपणी कॅटेकिझमच्या, म्हणजे धर्मशिक्षणाच्या, वर्गात शिकवलं होतं की प्रकटीकरण, म्हणजे देवाने स्वतःला माणसांपुढे उघड करणं, येशूच्या प्रेषितांच्या काळातच पूर्ण झालं. मग आंटींना येतं ते काय? त्या विचारतात, “माझी श्रद्धाच कमी पडते का?”

ताई,

तुमच्या पत्रात तीन प्रश्न एकमेकांत अडकले आहेत. देव आजही बोलतो का, आंटींचं ऐकायचं का, आणि मी जावं का. पहिल्याचं उत्तर मिळालं की उरलेले दोन आपसूक सुटतील, असं तुम्ही धरून चालला आहात. मला तसं वाटत नाही. का ते सांगण्यासाठी आधी थोडं धर्मज्ञानाकडे जावं लागेल. आयर्लंडकडे येतेच.

आपल्यातल्या बहुतेकांच्या मनात प्रकटीकरणाची एक ठरावीक कल्पना असते. देवाजवळ गुप्त माहिती आहे आणि ती तो निवडक माणसांना अधूनमधून कळवतो: कोणाचं लग्न कधी होणार, कोणी कुठली नोकरी धरावी, कोणाच्या घरी काय घडणार. एकदा ही कल्पना मान्य केली की ज्याला निरोप येतो तो देवाच्या जवळचा ठरतो आणि ज्याला येत नाही तो लांबचा. श्रद्धा कमी पडते का, ही तुमच्या मनातली बोच इथूनच उगवली आहे. पण ख्रिस्तसभा, म्हणजे आपलं चर्च, प्रकटीकरण म्हणते ते हे नव्हे.

आणि ते काय आहे हे नीट शब्दांत मांडायला ख्रिस्तसभेलाही वेळ लागला. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेत, म्हणजे जगभरातल्या धर्माध्यक्षांच्या (बिशपांच्या) सभेत, नोव्हेंबर १९६२ मध्ये या विषयावरचा पहिला मसुदा आला, तेव्हा १,३६८ धर्माध्यक्षांनी त्यावरची चर्चा थांबवावी असं मत दिलं आणि ८२२ जणांनी चालू ठेवावी असं. थांबवण्यासाठी लागणारं दोन तृतीयांश बहुमत झालं नव्हतं, तरी पोप तेविसावे योहान यांनी तो मसुदा बाजूला काढून नव्याने लिहायला लावला. तीन वर्षं खल चालला. शेवटी १८ नोव्हेंबर १९६५ रोजी ‘देई व्हर्बुम’ (‘देवाचा शब्द’) हा दस्तऐवज २,३४४ विरुद्ध ६ मतांनी मंजूर झाला. त्याच्या पहिल्याच प्रकरणातला विचार असा: देव स्वतःला प्रकट करतो. मित्रांशी बोलावं तसा तो माणसांशी बोलतो, आपल्या सहवासात त्यांना बोलावतो, आणि हे तो शब्दांनी करतो तसं कृतींनीही करतो. म्हणजे देव देतो तो स्वतःला. भविष्यातल्या घटनांची यादी त्यात कुठेच नाही.

इब्री लोकांस लिहिलेल्या पत्राची सुरुवात तुम्ही मिस्सामध्ये ऐकली असेल. पूर्वी देव संदेष्ट्यांच्या द्वारे अंशाअंशाने बोलला, आता पुत्राच्या द्वारे बोलला आहे. येशूमध्ये देवाने काही हातचं राखून ठेवलेलं नाही, म्हणून त्यात भर घालण्यासारखं काही उरत नाही. तुमच्या कॅटेकिझमच्या वर्गात शिकवलं ते बरोबरच होतं. मात्र देवाने सगळं सांगितलं म्हणजे आपल्याला सगळं उमगलं असं नाही. पवित्र आत्मा आजही काम करतो तो या उमगण्यात. मरियेने सगळ्या गोष्टी मनात साठवून त्यांचं मनन केलं, असं लूक सांगतो. परिषदेनेही श्रद्धावंतांच्या त्याच मननाचा दाखला दिला आहे. तेव्हा वर्गात शिकवलेलं आणि ‘देव आजही बोलतो’ हे म्हणणं यांत भांडण नाही.

गूढानुभवासाठी ज्यांचं नाव आजही आदराने घेतात ते क्रुसाचे संत योहान सोळाव्या शतकात या बाबतीत फार कडक बोलून गेले. त्यांचं म्हणणं असं की आता जो देवाकडे दृष्टान्त किंवा नवा निरोप मागतो तो मूर्खपणा करतोच, शिवाय देवाचा अवमानही करतो, कारण त्याने ख्रिस्तावरची नजर काढून दुसरीकडे लावली. ज्याने स्वतः ते सगळं अनुभवलं त्या माणसाचं हे मत आहे, म्हणून मला त्याचं वजन वाटतं.

आता आंटींकडे येऊ. त्या खोटं बोलतात असं मी म्हणत नाही. बायकांना धीर देण्यात, कोणाच्या घरी आजारपण असेल तर धावून जाण्यात अशा आंटी कायम पुढे असतात, आणि तुमच्या आईला त्यांचा आधार वाटत असणार. पण त्या जे सांगतात ते कुठल्या पायरीवर बसतं हे स्पष्ट असायला हवं. फ्रान्समधल्या लुर्डला १८५८ मध्ये आणि पोर्तुगालमधल्या फातिमाला १९१७ मध्ये मरियेच्या दर्शनाचं जे घडलं त्याला ख्रिस्तसभेने तपासून मान्यता दिली, तरी तेसुद्धा खासगी प्रकटीकरणच मानलं जातं. त्यावर विश्वास ठेवणं कोणाही कॅथलिकावर बंधनकारक नाही. अशा गोष्टींचं काम ख्रिस्ताच्या प्रकटीकरणात भर घालण्याचं नाही, एखाद्या काळात ते अधिक मनापासून जगायला मदत करण्याचं आहे, असं कॅटेकिझम, म्हणजे ख्रिस्तसभेच्या शिकवणुकीचा अधिकृत ग्रंथ, सांगतो. १७ मे २०२४ रोजी व्हॅटिकनने अशा घटनांच्या तपासासाठी नवे नियम काढले. धर्माध्यक्ष पूर्ण चौकशी करूनही आता साधारणपणे ‘हे दैवी आहे’ असा शिक्का मारत नाहीत. फार तर ‘यात श्रद्धेला बाधक काही दिसत नाही’ इतकंच म्हणतात. दैवी अनुभवाच्या नावाखाली माणसांवर ताबा मिळवणं ही विशेष गंभीर बाब मानावी, हेही त्याच नियमांत आहे. एवढी तपासणी करून ख्रिस्तसभा जे ठामपणे म्हणायला कचरते, ते शुक्रवारच्या सभेत मिनिटभरात ठरू शकत नाही. तुमच्या आईच्या वहीत तारखेसह नोंद झाली म्हणून त्याचा आदेश होत नाही.

संत पौल थेस्सलनीकाकरांना एका दमात दोन्ही बाजू सांगतो: संदेशांचा धिक्कार करू नका, सर्व गोष्टींची पारख करा, चांगले ते बळकट धरा. धिक्कार करायचा नाही हे मलाही मान्य आहे, म्हणून आपण पारख करू.

प्रेषितांच्या कृत्यांचा एकविसावा अध्याय काढा. पौल यरुशलेमेला निघाला आहे आणि वाटेत कैसरीयात फिलिप्पाच्या घरी उतरला आहे. तिथे यहूदियातून अगब नावाचा संदेष्टा येतो. तो पौलाचा कमरबंद घेतो, त्याने स्वतःचे हातपाय बांधतो आणि म्हणतो, पवित्र आत्मा सांगतो की ज्याचा हा कमरबंद आहे त्याला यरुशलेमेत असंच बांधतील. घरातली सगळी माणसं रडू लागतात, जाऊ नकोस म्हणून पौलाच्या विनवण्या करतात. पौल विचारतो, “तुम्ही रडून माझं मन का खचवता?” आणि तो जातो. इथे बघण्यासारखं हे की अगब ‘जाऊ नको’ असं म्हणालाच नव्हता. तो अर्थ प्रेमाच्या माणसांनी काढला, आपल्या भीतीतून काढला. पौलाने संदेष्ट्याला खोटं ठरवलं नाही आणि आपल्या विवेकाची सूत्रंही त्याच्या हातात दिली नाहीत. शेवटी तीच माणसं म्हणाली, प्रभूच्या इच्छेप्रमाणे होवो.

तुम्हाला आलेल्या निरोपात ‘जाऊ नये’ कोणाचं आणि ‘दाखवलं’ कोणाचं? आईला शांतपणे विचारा की आंटींनी प्रार्थना करण्याआधी आयर्लंडचा विषय त्यांच्याकडे कोणी काढला होता का, आणि काढला असेल तर कुठल्या सुरात. आईच्या डोळ्यांतलं पाणी बघून एखाद्या मायाळू बाईच्या मनात ‘मुलीने जाऊ नये’ हे उमटणं अगदी स्वाभाविक आहे. तिला ते मनापासून देवाचं वाटूही शकतं.

‘संकट येईल’ हा भाग मात्र मी सरळ नाकारते. बायबलमधले संदेष्टे इशारे देतात ते अन्यायाबद्दल, गरिबाला लुबाडण्याबद्दल, मूर्तीपुढे वाकण्याबद्दल, आणि त्यात परत फिरण्याची हाक असते. एका नर्सने परदेशी नोकरी धरली म्हणून तिच्या बापावर आजार उलटवणारा देव मला शुभवर्तमानात कुठे सापडत नाही. जन्मांध माणसाला बघून शिष्यांनी विचारलं होतं, पाप कोणी केलं, याने की याच्या आईबापांनी? येशू म्हणाला, याने नाही आणि यांनीही नाही. बाबांच्या मूत्रपिंडांची अवस्था तुमच्या विमानाच्या तिकिटाला बांधलेली नाही. तुम्ही इथे राहिलात तरी ती बिघडू शकते, आणि हे नर्स म्हणून तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त कळतं. उद्या त्याच सभेत कोणी ‘प्रार्थना पुरे आहे, डायलिसिस थांबवा’ असं सुचवलं, तर तिथून आईला घेऊन बाहेर पडा आणि पॅरिशच्या फादरांना कळवा.

प्रॉटेस्टंट वाचकांनीही मला असे प्रश्न पाठवले आहेत, म्हणून त्यांच्या परंपरेतलं एक उदाहरण. मे १९३४ मध्ये जर्मनीत बार्मेन इथे काही ख्रिस्ती मंडळ्यांनी जाहीरनामा काढला. हिटलरच्या उदयात देवाचा हात दिसतो असं म्हणणारे चर्चमध्येच होते, असा तो काळ. कार्ल बार्थ या धर्मशास्त्रज्ञाचा मोठा वाटा असलेल्या त्या जाहीरनाम्याचं पहिलंच विधान होतं की पवित्र शास्त्र ज्याची साक्ष देतं तो येशू ख्रिस्त हा देवाचा एकमेव शब्द आहे, त्याच्या जोडीला दुसऱ्या घटना, सत्ता किंवा व्यक्ती देवाचं प्रकटीकरण म्हणून उभ्या करणं आम्हाला मान्य नाही. ‘देव यातून बोलतोय’ हे वाक्य घरात असो की देशात, कसोटी हीच: ते येशूच्या तोंडी शोभतं का?

बायबल डोळे मिटून उघडण्याबद्दल. निघालेली दोन्ही वचनं देवाचीच आहेत, पण तुमच्या ऑफर लेटरचं उत्तर म्हणून ती लिहिलेली नाहीत. कोणी म्हणेल, संत ऑगस्टीनला ३८६ साली मिलानच्या बागेत ‘घे आणि वाच’ असा आवाज ऐकू आला, त्याने पौलाचं पत्र उघडलं आणि त्याचं आयुष्य बदललं. खरं आहे. पण कसं जगायला हवं हे त्याला फार आधीपासून कळत होतं, धीर होत नव्हता, आणि त्या ओळींनी तो दिला. पुढे धर्माध्यक्ष झाल्यावर त्याच ऑगस्टीनने एका पत्रात लिहिलं की संसारातल्या कामांसाठी शुभवर्तमानाच्या पानांतून कौल काढण्याची चाल आपल्याला पसंत नाही. तेव्हा हे बंद करा. सासूची साथ न सोडता स्वतःचा देश सोडणाऱ्या रूथचं पुस्तक सबंध वाचा, किंवा रोजच्या मिस्साचं शुभवर्तमान वाचा. घर सोडणं आणि घर धरून राहणं, दोन्ही देवाला प्रिय असू शकतं, हे तुमचं तुम्हालाच दिसेल.

राहिला तुमच्या शांततेचा प्रश्न. शिलोच्या मंदिरातला लहानगा शमुवेल आठवा. देवाची हाक आली की एलीनेच बोलावलं असं समजून तो धावत त्या म्हाताऱ्या याजकाकडे जायचा. तिसऱ्या वेळी एलीच्या ध्यानात आलं आणि तो म्हणाला, जा, पडून राहा, पुन्हा हाक आली तर म्हण, प्रभू बोल, तुझा दास ऐकत आहे. देव काय सांगणार हे एलीने सांगितलं नाही. मुलाच्या वतीने ऐकण्याचा आवही आणला नाही. थोरांचं काम एवढंच. तुमच्या बाबतीत कोणीतरी तुमच्या जागी ऐकून मोकळं झालं, आणि तुम्हाला वाटलं की आपणच बहिऱ्या आहोत.

आणि देव बोलतो तेव्हा बहुतेकदा कानाला काहीच ऐकू येत नाही. नारायण वामन टिळकांना रेल्वेच्या प्रवासात एका अनोळखी गोऱ्या माणसाने नवा करार दिला. डोंगरावरच्या प्रवचनाने त्यांना धरून ठेवलं, त्यांनी शंका काढल्या, वाद घातले, आणि १८९५ मध्ये इथे मुंबईत बाप्तिस्मा घेतला. ऐकण्याचा हाही एक प्रकार आहे, आणि त्यात डोकं वापरण्याला मज्जाव नाही. १८७० च्या पहिल्या व्हॅटिकन परिषदेने ठासून सांगितलं होतं की सृष्टीकडे बघून माणसाची बुद्धी देवाला ओळखू शकते. ती बुद्धी नोकरीचा करार वाचताना वापरली तर श्रद्धा कमी होत नाही.

तर मग ठरवायचं कसं? इथे मला संत इग्नेशियस लोयोला जवळचे वाटतात. १५२१ मध्ये पाम्प्लोनाच्या लढाईत पाय मोडून ते घरी पडून होते. सरदारकीच्या, प्रेमाच्या पराक्रमांचे विचार करताना मजा वाटायची, पण नंतर मन कोरडं व्हायचं. संतांची चरित्रं वाचून त्यांच्यासारखं जगावं असा विचार केला की नंतरही आनंद टिकायचा. विचार चालू असताना काय वाटतं यापेक्षा तो सरल्यावर काय उरतं, हे त्यांनी बघितलं, आणि त्यातून पुढे पारख करण्याचे नियम आले. तुम्ही हे करून बघा. दोन-तीन दिवस ‘मी जाणार’ हे ठरलंय असं धरून कामावर जा, बाबांचं सगळं करा आणि रात्री चार ओळी लिहा. मग तेवढेच दिवस ‘मी राहणार’ धरून. कुठल्या दिवसांत तुम्ही माणसांशी अधिक मायेने वागलात, कुठल्या दिवसांत चिडचिड किंवा धास्ती होती, ते वाचताना दिसेल. इग्नेशियस आणखी दोन युक्त्या देतात. हाच प्रश्न घेऊन एखादी अनोळखी मुलगी तुमच्याकडे आली तर तिला काय सांगाल? आणि मरणाच्या वेळी मागे वळून बघताना कुठला निर्णय घेतलेला आवडेल? वॉर्डात इतकी मरणं जवळून बघितलेल्या तुम्हाला हा दुसरा प्रश्न समजावून सांगायची गरज नाही. आणि त्यांचा एक नियम कायम पाळा: मन खचलेलं, गढुळलेलं असताना आधीचा निर्णय बदलायचा नाही. शुक्रवारी रात्री तर काहीच ठरवू नका.

सोबतीला कोणीतरी हवं, पण त्या ग्रुपमधलं नको आणि नात्यातलंही नको. इग्नेशियसच्या पद्धतीने मार्गदर्शन करणारे येशूसंघीय (जेझुइट) फादर किंवा एखाद्या अनुभवी सिस्टर मुंबईत सहज भेटतील, पॅरिशमध्ये विचारा. जो पहिल्याच भेटीत ‘जा’ किंवा ‘राहा’ सांगेल त्याच्याकडे पुन्हा जाऊ नका.

व्यवहाराची बाजूही बघा. आयर्लंडच्या रुग्णालयाला रुजू होण्याची तारीख पुढे ढकलता येईल का, हे आजच ईमेल करून विचारा. रजा आणि घरी यायच्या फेऱ्या करारात कशा आहेत ते वाचा. बाबांना डायलिसिसला नेणं-आणणं कोण करेल, भाऊ कुठले दिवस घेईल, पैसे कोण किती देईल हे भाऊ आणि वहिनीसोबत बसून कागदावर उतरवा. मुलगी आहे म्हणून सगळं तुमच्यावर आणि मुलगा आहे म्हणून त्याला सूट, असं काही घरात गृहीत धरलेलं असेल तर तेही या बैठकीत उघड होऊ द्या. प्रत्यारोपणाचा काही विचार आहे का, हे किडनीच्या डॉक्टरांना विचारा. ही माहिती गोळा केल्याशिवाय देवाकडे उत्तर मागणं म्हणजे त्याने दिलेली अर्धी साधनं न वापरणं.

आंटींशी वाद घालू नका. “आंटी, तुम्ही आमच्यासाठी प्रार्थना करता, आभार. निर्णय मी घेणार आहे, तेव्हा मला शहाणपण मिळावं म्हणून प्रार्थना करा,” एवढं पुरे. त्या हसून बरं म्हणाल्या तर ग्रुप निकोप आहे. रागावल्या, किंवा पुढच्या शुक्रवारी दुसरा, अधिक भीतीदायक निरोप आला, तर आईने तिथे किती जावं याचा विचार करावा लागेल.

आईशी बोलताना निरोप क्षणभर बाजूला ठेवायला सांगा. “आई, प्रभूने आंटींना काय दाखवलं ते राहू दे, तुला काय वाटतं ते सांग.” मला जवळजवळ खात्री आहे की ती म्हणेल, मला एकटीला झेपणार नाही. असं म्हणण्यात कमीपणा नाही, पण मुलीपुढे ते बोलणं आईला जड जातं, आणि देवाच्या नावाने सांगणं सोपं पडतं. ती भीती खरी आहे आणि तिच्यावर उपायही आहेत: मदतनीस ठेवता येईल, भावाने जवळ राहायला येता येईल, तुम्हाला वर्षभराने जाता येईल. उपाय शोधूनही ती भीती तशीच राहिली, तर ‘राहते’ हा निर्णयही तुम्ही मोकळ्या मनाने घेऊ शकता. तो धमकीला घाबरून घेतलेला नसावा, इतकंच माझं म्हणणं आहे.

एक गोष्ट राहिली. तुमच्या एवढ्या मोठ्या पत्रात आंटी काय म्हणाल्या, आईने काय लिहून ठेवलं, भाऊ कुठे राहतो, सगळं आहे. बाबा काय म्हणतात, ते कुठेच नाही. ते आजारी असले तरी घरातल्या या निर्णयात त्यांचा शब्द आहे. पुढच्या वेळी डायलिसिसला तुम्ही सोबत जा. चार तास ते तिथेच असतात, आणि आईही जवळ नसेल. त्यांना विचारा, आणि ते काय म्हणाले ते मला कळवा.